चढ सोपा होता, उतार नव्हता

दोन वर्षांपूर्वी पावसाळ्यात अजिंक्यताऱ्यावरून उतरताना ओल्या दगडावर माझा उजवा पाय घसरला आणि गुडघा आतल्या बाजूला मुरगळला. रात्रीपर्यंत तो चांगलाच सुजला; पण एक्स-रेमध्ये हाड शाबूत दिसले, म्हणून एका दवाखान्यात गोळ्या, नी-कॅप आणि पंधरा दिवसांची विश्रांती सांगून मला घरी पाठवण्यात आले. मीही त्यावर समाधान मानले, हे कबूल करायला हवे. कूर्चा, म्हणजे सांध्यात हाडांच्या टोकांवर असलेले गुळगुळीत आवरण, एक्स-रेमध्ये दिसतच नाही, हे मला चार महिन्यांनी कळले. तोवर सपाट रस्त्यावर मी नीट चालत होतो, चढही चढत होतो. मात्र शाळेचा जिना उतरताना गुडघ्यात बारीक कळ येई, आणि एकदा बसस्थानकावर एसटीतून उतरताना सांधा असा अडकला की कंडक्टरच्या खांद्याचा आधार घ्यावा लागला.

एमआरआयमध्ये कारण सापडले. मांडीच्या हाडाच्या खालच्या टोकावरील कूर्चेचा सुमारे दीड चौरस सेंटिमीटरचा टवका निघाला होता आणि तो सांध्यातच फिरत होता. कूर्चेला स्वतःचा रक्तपुरवठा नसतो, त्यामुळे त्वचेची जखम भरते तशी ही भरत नाही, असे डॉक्टरांनी सांगितले. शरीररचनातज्ज्ञ विल्यम हंटर यांनी १७४३ मध्येच हे नोंदवले आहे, असे मी नंतर वाचले. तेव्हा साताऱ्याच्या गादीवर थोरले शाहू महाराज होते, आणि दुखणे इतके जुने असूनही त्यावर खात्रीचा उपाय अजून नाही, याचे मला नवल वाटले.

मोठ्या खड्ड्यासाठी रुग्णाच्याच पेशी प्रयोगशाळेत वाढवून बसवण्याची पद्धत आहे. तिचे पहिले निष्कर्ष स्वीडनमधून १९९४ मध्ये प्रसिद्ध झाले. माझा खड्डा लहान असल्याने मायक्रोफ्रॅक्चर पुरेल, असे ठरले. दुर्बिणीतून सुटा तुकडा काढून खालच्या हाडाला बारीक छिद्रे पाडतात. त्यांतून येणाऱ्या मज्जेच्या गुठळीतून नवे आवरण तयार होते. ते मूळ कूर्चेइतके टिकाऊ नसते, ही गोष्ट डॉक्टरांनी आधीच सांगितली, हे मला आवडले.

शस्त्रक्रिया तासाभरात आटोपली. खरी परीक्षा पुढच्या सहा आठवड्यांची होती, कारण ती कोवळी गुठळी चिरडू नये म्हणून पायावर भार द्यायचा नव्हता, आणि सांधा आखडू नये म्हणून गुडघा मात्र रोज वाकवायचा होता. पाटावर बसून जेवण्याची सवय सुटली, कमोडची खुर्ची भाड्याने आणली, आणि कुबड्या घेतल्यावर हातात चहाचा कपसुद्धा नेता येत नाही, हे समजले. आईचा आग्रह तेल चोळण्याचा होता. फिजिओथेरपिस्ट मॅडमनी तिला, “आजी, तेल मांडीला लावा, गुडघा रगडू नका,” असे सांगून वाद मिटवला.

कुबड्या सुटल्या तेव्हा टेपने मोजले, तर उजवी मांडी डावीपेक्षा साडेतीन सेंटिमीटर बारीक झाली होती. गुडघ्याखाली टॉवेलची गुंडाळी ठेवून ती दाबणे, पाय सरळ ठेवून उचलणे, मग भार न लावता सायकल, असे व्यायाम महिनोन्महिने चालले. सर्वांत कंटाळवाणा व्यायाम एका बुटक्या पाटावरून हळूहळू खाली पाय टेकवण्याचा होता. उतरताना मांडीचा स्नायू ताणला जात असतानाच शरीराचे वजन पेलतो आणि तो दुबळा असेल तर धक्का सांध्यावर येतो; म्हणून मॅडम म्हणत, “सर, चढायची घाई नको, आधी उतरायला शिका.”

नवव्या महिन्यात कोरड्या दिवशी मी अजिंक्यताऱ्यावर गेलो आणि काठी टेकत, उंच पायऱ्यांवर अंग बाजूला वळवून उतरलो. संध्याकाळी गुडघा थोडा फुगला, बर्फ लावल्यावर सकाळी उतरला. शाळेचा जिना मात्र त्या दिवशीही कठडा धरूनच उतरलो.