अकरा ग्रॅमचा ऐवज, पाव किलोचा बारदाना

आमच्या लॅबमध्ये एक छोटा काटा आहे. एका दुपारी चाचणीचे नमुने चेंबरमधून निघायला अर्धा तास अवकाश होता, म्हणून रिकामपणी मी एक कॅथेटर त्या काट्यावर ठेवला. ११ ग्रॅम. मग चाळाच लागला. कॅथेटर ज्या ट्रेमध्ये झोपून येतो तो ट्रे ५२ ग्रॅम. ट्रेवरचं टायव्हेकचं, म्हणजे कागदासारख्या दिसणाऱ्या प्लॅस्टिकचं, झाकण ५. पुठ्ठ्याचा खोका ९६. खोक्यातली माहितीपुस्तिका ६८.

वैद्यकीय साधनांच्या पॅकेजिंगमध्ये मी तेरा वर्षं काढली आहेत. ट्रेचं ड्रॉइंग माझं, खोक्याचं स्पेसिफिकेशन माझं, पुस्तिकेला घड्या किती आणि कशा हेही मीच ठरवलेलं. सुटी वजनं मला तोंडपाठ होती. बेरीज मात्र त्या दुपारपर्यंत केली नव्हती. २२१ ग्रॅम, तेही बाहेरचा मोठा खोका न धरता. तो धरला की पाव किलोच्या घरात. रक्तवाहिनीत जाणारी एक बारीक नळी, आणि तिच्यामागे हे वऱ्हाड.

हा बारदाना कोणी एका दिवशी बसून ठरवलेला नाही, तो साचत गेला. कधीकाळी एका कॅथेटरचं टोक वाकून पोचलं, तक्रार आली, म्हणून ट्रेला आणखी एक खाच आणि जरा रुंद कड. लेबलवर बारकोड वाढला, मजकूर मावेना, म्हणून खोका मोठा. खोका मोठा झाल्यावर ट्रे आत खुळखुळायला लागला, म्हणून पुठ्ठ्याची आडपट्टी. बाजारपेठा वाढल्या तशा पुस्तिकेतल्या भाषा वाढल्या. एकट्या युरोपियन युनियनच्याच अधिकृत भाषा २४ आहेत. आमच्या पुस्तिकेत २२, आणि ती उघडणारा त्यातली एक वाचणार. खरं तर तीही वाचत नाही, कारण त्यानं हा कॅथेटर आधी शंभरदा वापरलेला असतो.

घालायला एक तक्रार पुरते. काढायचं म्हटलं की चेंज कंट्रोलचा, म्हणजे बदलाला मंजुरी मागायचा, फॉर्म भरायचा, मग दोन वर्षांची निश्चिंती.

मी तो फॉर्म भरला. प्रस्ताव साधा होता: ट्रे काढून टाकायचा. कॅथेटर प्लॅस्टिकच्या नळीच्या रिंगमध्ये गुंडाळायचा (आम्ही तिला हूप म्हणतो), हूप टायव्हेकच्या पाऊचमध्ये, पाच पाऊच मिळून एक खोका, आणि खोक्याला पुस्तिका एकच. क्यूएतले, म्हणजे गुणवत्ता विभागातले, एक ज्येष्ठ सहकारी फॉर्म वाचून म्हणाले, "बाई, चांगलं चाललेल्याला कशाला हात लावता?" त्यांचं अगदीच चुकीचं नव्हतं. आमच्याकडे पाकीट हे नुसतं पाकीट नसतं. आयएसओ ११६०७ हे मानक त्याला साधनाचाच भाग असल्यासारखं वागवतं, कारण पाकिटाला केसाएवढं भोक पडलं तर आतलं निर्जंतुक साधन निर्जंतुक राहत नाही. केसाएवढं हे मी अलंकारानं म्हणत नाही. सीलमधून निळा रंग झिरपतो का हे बघायची जी चाचणी आहे, ती ५० मायक्रॉनपर्यंतची वाट पकडते. केस साधारण त्याहून जाडच असतो.

टायव्हेकबद्दल एवढं सांगते की तो कागद वाटतो पण कागद नाही. पॉलिएथिलीनच्या अतिबारीक तंतूंची ती दाबून केलेली चादर असते. गॅस आणि वाफ आरपार जातात, जंतू अडकतात. एकट्या टायव्हेकचं रिसायकलिंग होऊ शकतं. पण पाऊचची दुसरी बाजू असते ती पारदर्शक फिल्म, दोन वेगळी प्लॅस्टिकं एकमेकांना चिकटवलेली, आणि तिथे सगळं अडतं. आमचा जुना ट्रे पीईटीजी नावाच्या प्लॅस्टिकचा होता. दिसायला अगदी पाण्याच्या बाटलीच्या पीईटीसारखा, पण त्या मालात मिसळला तर वाळवणीच्या उष्णतेत आधीच मऊ होतो आणि गोळे करून ठेवतो. तरी ट्रेवर आम्ही रिसायकलिंगचं त्रिकोणी बाणांचं चिन्ह छापत होतो. कोणत्या भरवशावर, देव जाणे.

तर चाचण्या. पाऊचवर ३ वर्षांची मुदत छापायची तर ती ३ वर्षं टिकते हे दाखवावं लागतं, आणि तेवढं थांबायला कोणी तयार नसतं. म्हणून नमुने ५५ अंश सेल्सिअसच्या चेंबरमध्ये ठेवायचे. दर १० अंशांना ऱ्हासाचा वेग दुप्पट होतो असं धरतात. गोदामाचं तापमान २५ धरलं तर फरक ३० अंशांचा, म्हणजे वेग आठपट. ३ वर्षांचे १०९५ दिवस भागिले आठ, १३७ दिवस. तेवढे दिवस चेंबरची वीज अखंड चालू. कचरा कमी करायच्या कामाची सुरुवात अशी होते.

१३७ दिवस झाले. मग वाहतुकीची चाचणी: थरथराट, दाब, आपटणं. मग एकेक पाऊच पाण्याच्या टबात बुडवून आत हळूहळू हवा भरायची. पहिले सहा स्वच्छ. सातव्याच्या खालच्या कोपऱ्यातून बुडबुड्यांची एक माळ निघाली, अगदी बारीक, सुईनं ओवल्यासारखी. मी पाऊच फिरवून पाहिला. हूपच्या फेऱ्या धरून ठेवणाऱ्या दोन छोट्या क्लिप असतात, त्यातल्या एकीची धारदार कड प्रत्येक धक्क्याला फिल्मच्या त्याच जागी घासत होती. पुढे आणखी दोन नमुन्यांत तेच. ट्रेमध्ये हा प्रश्नच नव्हता, कारण ट्रे कडक असतो आणि आत काहीही टोचलं तरी त्याला फरक पडत नाही. ज्येष्ठ सहकारी काही बोलले नाहीत. ते जास्त लागलं.

क्लिपची कड गोल केली, फिल्म थोडी जाड केली (म्हणजे वाचवलेल्यातले काही ग्रॅम परत गेले), आणि पुन्हा १३७ दिवस. फिल्म जाड करताना मी भांडले नाही. पाकीट फुटून एक कॅथेटर फेकला गेला, तर त्याच्यामागचं सगळं प्लॅस्टिक, धातू, वीज आणि वाहतूक एका मिनिटात पाण्यात जाते. चार ग्रॅमसाठी तो जुगार खेळण्यात अर्थ नव्हता.

मधल्या काळात एका ऑपरेशन थिएटरमध्ये उभं राहून बघायची परवानगी मिळाली. हे मी दहा वर्षं आधी करायला हवं होतं. तिथल्या सिस्टरांनी आमचा जुना खोका उघडला तेव्हा मी मनात सेकंद मोजत होते. खोका फाडला, पुस्तिका न बघता बादलीत, आडपट्टी बादलीत, झाकण सोललं, ट्रे तिरपा करून कॅथेटर निर्जंतुक टेबलावर सोडला, ट्रे बादलीत. पेशंट अजून आत यायचा होता. म्हणजे बादलीतलं सगळं कोरं आणि स्वच्छ होतं. पण ती बादली संसर्गजन्य कचऱ्याची होती, कारण पायाशी तीच होती. आरोग्यसेवेतल्या कचऱ्यापैकी सुमारे ८५ टक्के धोकादायक नसतो असं जागतिक आरोग्य संघटना सांगते. तो धोकादायक होतो कसा, हे मी त्या दिवशी साताठ सेकंदांत पाहिलं.

मी नवा पाऊच त्यांच्या हातात दिला. त्यांनी दोन टोकं धरून सोलला आणि म्हणाल्या, "हे बरंय. पण हातमोजे ओले असतात हो, हे टोक अजून जरा मोठं ठेवा ना." पाऊचचं टोक ६ मिलिमीटरनं वाढवलं. पुन्हा काही ग्रॅम नव्हे, पण मिलिग्रॅम तरी परत गेले.

आता गॅस. आमचा कॅथेटर इथिलीन ऑक्साइडनं, म्हणजे ईटीओनं, निर्जंतुक होतो. अमेरिकेत निर्जंतुक साधनांपैकी जवळजवळ निम्मी याच गॅसनं होतात. हा गॅस माणसात कर्करोग घडवतो हे आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेनं १९९४ मध्येच नोंदवलंय. अमेरिकेच्या पर्यावरण संरक्षण संस्थेनं मार्च २०२४ मध्ये अशा कारखान्यांचं उत्सर्जन ९० टक्क्यांच्या आसपास घटवायचा नियम आणला. २०२५ मध्ये त्यातल्या काहींना सूटही मिळाली. मग गॅमा किरण का वापरत नाही, असं मला घरचे-दारचे सगळे विचारतात. कारण कॅथेटरच्या आत पीटीएफईचं, म्हणजे टेफ्लॉनचं, अस्तर आहे, आणि गॅमाखाली पीटीएफईचा भुगा होतो. (पूर्वी याहून वाईट होतं. ईटीओ स्फोटक, म्हणून तो १२ टक्के आणि सीएफसी-१२ ८८ टक्के असं मिश्रण सर्रास वापरत. ओझोनच्या थराला भोक पाडणारा तोच सीएफसी.)

आणि इथेच छोट्या खोक्याचा खरा फायदा निघाला, जो प्रस्ताव लिहिताना माझ्या ध्यानातही नव्हता. निर्जंतुक करायच्या चेंबरमध्ये गॅस सोडतात तो चेंबरच्या मापानं. आत कॅथेटर हजार आहेत की तीन हजार, याच्याशी त्याला देणंघेणं नसतं. शिवाय वेळ आधीच दुप्पट धरलेला असतो: पट्टीवरचे जंतूंचे दहा लाख बीजाणू अर्ध्या वेळात पूर्ण मरतात हे दाखवायचं आणि मग प्रत्यक्षात त्याच्या दुप्पट वेळ गॅस द्यायचा. मोठ्या खोक्यांतल्या पोकळीला इतकी वर्षं आम्ही मनोभावे निर्जंतुक करत होतो. आता एका लोडमध्ये, म्हणजे चेंबरच्या एका खेपेत, पूर्वीच्या अडीचपट कॅथेटर बसतात. अर्थात लोडची रचना बदलली म्हणून तेही व्हॅलिडेशन (प्रक्रिया चालते हे पुराव्यानं दाखवणं) नव्यानं करावं लागलं. ते मी आठवत नाही.

पुस्तिकेचं काम सरकारनंच सोपं केलं. युरोपियन युनियनची इलेक्ट्रॉनिक माहितीपत्रकाची सवलत २०२१च्या नियमात मोजक्याच प्रकारच्या साधनांना होती. २०२५ मध्ये ती डॉक्टर-परिचारिकांच्या वापरातल्या साधनांना सरसकट खुली झाली. कागदी प्रत मागितली तर फुकट द्यायची, एवढंच. आमची २२ भाषांची पुस्तिका आता एका चौकोनी कोडमध्ये राहते.

हे सगळं मी कुठेही सांगितलं की एक प्रश्न हमखास येतो: मुळात एकदा वापरून फेकायचंच कशाला? लेबलवर २ च्या आकड्यावर काट मारलेलं चिन्ह असतं, ते बघून लोक चिडतात. मीही चिडते, पण सगळीकडे सारखी नाही. घशात घालून श्वासनळी बघायचं जे लॅरिंगोस्कोप असतं, त्याच्या फेकायच्या प्लॅस्टिकच्या मुठीचा कार्बन-बोजा पुन्हापुन्हा वापरायच्या स्टीलच्या मुठीच्या १६ ते १८ पट निघाला, असा २०१८चा अमेरिकेतला अभ्यास आहे. तिथे प्लॅस्टिक कशासाठी, हे मला आजतागायत कळलेलं नाही. उलट मेलबर्नमधल्या एका रुग्णालयानं भूल देण्याची फेकायची साधनं सोडून धुऊन वापरायची साधनं घेतली असती तर काय, याचा हिशेब २०१७ मध्ये मांडला गेला. पैसे वाचत होते, पण कार्बन उत्सर्जन जवळजवळ १० टक्क्यांनी वाढत होतं, कारण धुलाईची वीज तिथे तपकिरी कोळशावर तयार होते. तोच हिशेब युरोपातल्या विजेवर केला तर ८४ टक्के घट. साधनं तीच, धुणंही तेच. त्यानंतर कोणी मला 'रियुजेबल म्हणजे पर्यावरणपूरक' असं सांगितलं की मी आधी वीज कुठली ते विचारते. लोकांना ते खोचक वाटतं.

आमचा कॅथेटर तर रक्तवाहिनीत जाणारा, आतून पोकळ, केसासारख्या पोकळीतलं रक्त शंभर टक्के निघालं हे कसं दाखवणार? तरी हृदयाच्या विद्युत तपासणीचे काही कॅथेटर परवानाधारक कंपन्या गोळा करून, धुऊन, तपासून पुन्हा विकतात, आणि २०२१च्या एका जर्मन अभ्यासात त्यांचा हवामानावरचा बोजा नव्याच्या जवळपास निम्मा निघाला. आमच्या डिझाइन विभागाला मी हे दोनदा पाठवलंय. दुसऱ्यांदा अंगठा वर केलेलं चित्र आलं.

नव्या पॅकिंगचं वजन मी त्याच काट्यावर केलं: एका कॅथेटरमागे हूप, पाऊच आणि खोक्याचा वाटा मिळून ७४ ग्रॅम. ज्येष्ठ सहकाऱ्यांनी काट्यावरचा आकडा वाचला, चष्मा वर केला आणि विचारलं, "हूपला क्लिप दोनच्या ऐवजी एक चालणार नाही का?"

चेंबरमधले १३७ दिवस मान्य झाले तरी खऱ्या काळाची चाचणी सोबत चालवावीच लागते. ते पाऊच गोदामातल्या तिसऱ्या फळीवर ठेवले आहेत, वर माझ्या हातची तारीख. पहिल्या वर्षाचे उघडले, सगळे स्वच्छ निघाले. दुसऱ्या वर्षाचे मार्चमध्ये काढायचे आहेत. एक क्लिपवाल्या हूपचा फॉर्म मी अजून भरलेला नाही.