"इतकी चांगली एडी आहेस, मग..."

"तू इतकी चांगली एडी आहेस, मग दिग्दर्शन कशाला हवंय तुला?"

पॅकअपनंतर निर्माते मला, त्यांच्या एडीला म्हणजे सहायक दिग्दर्शिकेला, अगदी कौतुकाने म्हणाले. तेव्हा हसले मी. पण उद्याची कॉलशीट, म्हणजे कोणी किती वाजता सेटवर यायचं त्याचा कागद, करायला बसले आणि ते वाक्य काही डोक्यातून जाईना.

आज दुपारचंच सांगते. मास्टर शॉटमध्ये, म्हणजे अख्खा सीन एकत्र दिसतो त्या शॉटमध्ये, नटाने ग्लास डाव्या हातात धरला होता, अर्धा भरलेला. शर्टाची एकच बाही दुमडलेली. क्लोजअपला तो उजव्या हाताने ग्लास उचलायला गेला, मी थांबवलं. क्षणाचं काम. पण ते राहिलं असतं तर एडिटला दोन्ही शॉट जुळले नसते.

प्रेक्षकाला यातलं काही दिसत नाही. दिसू नये म्हणूनच आम्ही असतो. ऑस्करमध्ये १९३० च्या दशकात सहायक दिग्दर्शकांसाठी वेगळा पुरस्कार होता. १९३७ च्या चित्रपटांनंतर तोही बंद झाला.

पण मला सलतं ते वेगळंच. आधी क्लॅप देणं, कंटिन्युइटी म्हणजे शॉट जुळतात का ते बघणं, मग शेड्यूल, मग अख्खा सेट. या वाटेवर जितकं पुढे जावं तितकी माणसं आणि वेळ सांभाळायची कला पक्की होते, आणि बोलावणं येतं ते बहुतेकदा प्रॉडक्शनच्या कामासाठी. दिग्दर्शनासाठी दाखवायला स्वतःची पटकथा लागते, स्वतःची शॉर्टफिल्म लागते. पहाटेचा कॉलटाइम असताना ती लिहायची कधी?

तरी लिहितेय मी. सीन अर्धवट आहेत, पण आहेत.

माझ्या यादीतले एडी, तुम्ही स्वतःच्या लिखाणाला वेळ कसा काढता? खरंच सांगा.